तिखटाची पैज

अधिकांत अधिक तिखट मिरची कोण खातो, अशा पैजा हल्लीं अमेरिकेंत व इतरत्र लागतात. ही निव्वळ हौस कीं जिवाशीं खेळ, याचा आज थोडा विचार करूं.

तिखट ही वास्तविक चव नव्हे, ती वेदना होय. मिरचींत कॅप्सेसिन नांवाचें द्रव्य असतें. उष्णता सुमारें ४३ अंश सेल्सिअसच्या वर गेली म्हणजे ज्या ज्ञानतंतूंकडून मेंदूला भाजल्याची वर्दी जाते, त्यांनाच हें द्रव्य चेतवितें. १९९७ सालीं हें उघडकीस आणणाऱ्या डेव्हिड ज्यूलियस यांना २०२१ सालीं नोबेल पारितोषिक विभागून मिळालें. सारांश, जीभ भाजलेली नसते. ती फसलेली असते.

मग भय कसलें? आग लागली असें समजून शरीर जी धांवपळ करतें, तिचें भय. ढोबळ्या मिरचीचा तिखटपणा स्कोव्हिलच्या मापानें शून्य धरतात. ‘कॅरोलिना रीपर’ मिरचीचा सरासरी सोळा लाखांवर भरतो. न्यूयॉर्क राज्यांत एका ३४ वर्षांच्या गृहस्थानें ती पैजेंत खाल्ली. त्याला कोरड्या ओकाऱ्या झाल्या, आणि पुढील कांहीं दिवसांत डोक्यांत असह्य कळा आल्या. मेंदूच्या रक्तवाहिन्या आकुंचित झालेल्या आढळल्या. सुदैवानें पांच आठवड्यांनीं त्या पूर्ववत् झाल्या. ही हकीकत २०१८ सालीं वैद्यकीय नियतकालिकांत प्रसिद्ध झाली. दुसऱ्या एका ४७ वर्षांच्या गृहस्थाला आपल्या ईशान्य भारतांतील भूत जोलोकिया मिरचीचा गर पैजेंत खाऊन इतक्या जोराची ओकारी झाली कीं अन्ननलिका अडीच सेंटिमीटर फाटली. त्याला २३ दिवस इस्पितळांत काढावे लागले. २०२३ सालीं मॅसॅच्युसेट्समध्यें १४ वर्षांचा एक मुलगा अशा पैजेचा एकच तिखट काप खाऊन त्याच दिवशीं दगावला. त्याच्या हृदयांत जन्मजात दोष होता. असा दोष बाहेरून दिसत नाहीं; म्हणून ‘मला कांहीं होत नाहीं’ या फुशारकीला अर्थ नाहीं.

रोजच्या ठेच्याला भिण्याचें कारण नाहीं. प्रश्न प्रमाणाचा आहे. तोंड पोळल्यास पाण्यापेक्षां दूध बरें, कारण कॅप्सेसिन पाण्यांत विरघळत नाहीं, व दुधांतील केसीन त्याला धरून ठेवतें. मात्र पोटांत गेलेल्या तिखटावर हा इलाज नव्हे. छातींत दुखणें, श्वास लागणें, ओकारी न थांबणें किंवा डोकें एकाएकीं ठणकणें, यांपैकीं कांहींही झाल्यास तत्काळ डॉक्टर गांठावा.

पालकांस एकच विनंति. मुलगा अशी पैज नाकारून घरीं आला, तर त्याची थट्टा करूं नका. त्याला शाबासकी द्या.