हातातल्या खेळाचे पुनश्च हरि ॐ

हातात मावणाऱ्या गेम बॉय या खेळयंत्रावर ‘पोकेमॉन रेड’ लावला, की आरंभीचे चित्र सरल्यावर पडद्यावर तीन ओळी येतात: पहिली जुना खेळ पुढे चालवण्याची, दुसरी नवा खेळ मांडण्याची आणि तिसरी किरकोळ सोयी-सवलतींची. पहिली ओळ निवडली, तर आजवरच्या कमाईचा गोषवारा समोर येतो – खेळाडूचे नाव, त्याने जिंकलेली पदके, पकडलेल्या प्राण्यांची संख्या आणि खेळण्यात गेलेला वेळ. दुसरी ओळ मात्र काहीएक न विचारता खेळाडूला थेट आरंभी नेऊन सोडते. तिचा खरा हिशेब होतो तो पुढे, प्रथम ‘सेव्ह’ करताना, कारण खेळ ज्या कार्ट्रिजमध्ये भरलेला असतो, तीत नोंदींच्या एकाच दप्तरापुरती जागा असते, आणि नवे दप्तर दाखल करायचे तर जुने खारीज होईल, ते मंजूर आहे काय, अशी पृच्छा तेथे केली जाते. ‘होय’ म्हणताच दीडदोन महिन्यांच्या सुट्टीत जमवलेली सारी मिळकत रद्दबातल होते, आणि या हुकमावर कोठेही अपील चालत नाही.

एवढे ठाऊक असूनही जगभर असंख्य मुले, आणि प्रौढ माणसेही, हा व्यवहार राजीखुशीने करतात. ज्यांनी हे खेळ कधी हाताळले नाहीत त्यांना हा शुद्ध वेडेपणा वाटेल. परंतु त्यामागे काही कारणे आहेत, आणि ती समजून घ्यायची तर हा खेळ आपली स्मृती कोठे व कशी ठेवतो, येथून आरंभ करणे सोयीचे पडेल.

पूर्वीच्या खेळांना स्मृती नव्हतीच. यंत्र बंद केले की सारे संपले. १९८६ साली जपानमध्ये निघालेल्या ‘ड्रॅगन क्वेस्ट’ या खेळाने यावर जी युक्ती काढली, ती अशी की, खेळाडू थांबू लागला म्हणजे एक राजा त्याला वीस अक्षरांचा एक ‘मंत्र’ सांगे, तो कागदावर उतरवून घ्यायचा आणि दुसऱ्या दिवशी जसाच्या तसा भरायचा. त्याच्या पुढच्या भागात हा मंत्र बावन्न अक्षरांपर्यंत वाढला, आणि एक अक्षर चुकीचे उतरवले गेले तरी यंत्र तो स्वीकारत नसे. तेव्हाच्या जपानी मुलांच्या वह्यांत अशा निरर्थक अक्षरांच्या किती रांगा असतील, याची कल्पनाच केलेली बरी. १९८८ सालच्या तिसऱ्या भागात मंत्र गेला आणि त्याच्या जागी ‘साहसाची पोथी’ आली, म्हणजे कार्ट्रिजमध्येच नोंद राहू लागली; पण ही पोथी कधीकधी आपोआप पुसली जाई, आणि तसे झाले की एक भयाण सुरावट वाजून पोथी नाहीशी झाल्याचे पडद्यावर खेदपूर्वक कळवले जाई. ती सुरावट तिथल्या एका सबंध पिढीच्या कानांत बसली आहे.

१९९६ च्या फेब्रुवारीत जपानमध्ये ‘पोकेमॉन’चे पहिले दोन खेळ, ‘रेड’ आणि ‘ग्रीन’, बाहेर पडले, तेव्हा गेम बॉय बाजारात येऊन जवळजवळ सात वर्षे झाली होती. या खेळाच्या कार्ट्रिजमध्ये नोंदी ठेवण्यासाठी अवघी ३२ किलोबाइट जागा होती, आणि ती ज्या जातीच्या स्मृतीची होती, तिला सदैव अल्पसा विद्युत्प्रवाह लागतो. म्हणून मनगटी घड्याळात असतो तसला एक चपटा सेल आतल्या पट्टीवर डाखून बसवलेला असे, आणि यंत्र कपाटात वर्षानुवर्षे पडून राहिले तरी तो सेल देवघरातल्या नंदादीपासारखा आत तेवत राही. तेल संपले की दीप विझायचा, तद्वत सेल संपला की दप्तर जायचे. १९९९ साली आलेल्या ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’ या खेळांत तर दिवस-रात्र दाखवणारे एक घड्याळही याच सेलावर चालवले होते, त्यामुळे ते सेल आपल्या वडीलभावंडांच्याही आधी निकालात निघाले. जुने कार्ट्रिज विकत घेणाऱ्याला आज पुष्कळदा असा अनुभव येतो की खेळ उत्तम चालतो, प्राणी पकडता येतात, लढाया जिंकता येतात, पण यंत्र बंद करून पुन्हा लावले की पहिली ओळ उगवतच नाही. सेल बदलता येतो. मात्र डाख काढून जुना सेल उतरवला की उरलेसुरले दप्तरही त्याच्याबरोबर जाते, याची पूर्वसूचना दुरुस्ती करणाऱ्याने अवश्य द्यावी.

आता स्वखुशीने पुसण्याविषयी. ‘पोकेमॉन’चा आरंभ असा की प्रोफेसर ओक नावाचे एक वृद्ध संशोधक आपले स्वागत करतात, आपले नाव विचारतात आणि मग आपल्या सख्ख्या नातवाचे नाव काही केल्या आठवत नाही म्हणून तेही आपल्यालाच विचारतात. (विस्मरणशील प्राध्यापक सर्वत्र सारखेच, असे दिसते.) पुढे पॅलेट टाउन या लहानशा गावात बल्बासॉर, चारमँडर आणि स्क्वर्टल या तीन प्राण्यांपैकी एकाची निवड करायची असते, आणि ती करताच तो नातू, म्हणजे आपला प्रतिस्पर्धी, नेमका आपल्या प्राण्यावर मात करणारा प्राणी उचलतो. ही निवड अपरिवर्तनीय असते. चारमँडर घेणाऱ्या मुलाला पहिल्याच व्यायामशाळेत तिचा प्रमुख ब्रॉक याच्या दगडी प्राण्यांशी गाठ पडते, तेव्हा आगीचा दगडावर काय परिणाम होतो हे कळून चुकते. बल्बासॉर घेणाऱ्याला ब्रॉक आणि त्यानंतरची मिस्टी ही दोन्ही ठाणी तुलनेने अल्पायासाने सर होतात.

पुढे अशा निवडी पदोपदी येतात. माउंट मूनच्या गुहेत दोन जीवाश्मांपैकी एकच घेता येतो, कराटेच्या आखाड्यात दोन मल्लांपैकी एकच मिळतो आणि ईव्ही नावाचा एकुलता एक प्राणी तीन रूपांपैकी एकच धारण करतो. सारांश, एका माणसाला एका दप्तरात सर्व प्राणी मिळूच नयेत, अशीच या खेळाची रचना आहे. ती हेतुपुरस्सर आहे. खेळाचे जनक सातोशी ताजिरी यांना बालपणी किडे गोळा करण्याचा अनिवार छंद होता, आणि दोन गेम बॉय जोडणारी तार पाहून त्यांना तिच्यातून एका यंत्रातून दुसऱ्या यंत्रात किडे सरपटत जात असल्याचा भास झाला, असे सांगतात. एका मुलाने दुसऱ्याशी देवघेव करावी, एवढ्याचसाठी हा अपुरेपणा योजलेला होता. ज्यांना देवघेव करायला मित्र नव्हता, त्यांनी दुसरी वाट काढली. निवडलेला पहिला प्राणी तारेवरून भावंडाच्या कार्ट्रिजमध्ये ठेव म्हणून पाठवायचा, आपले दप्तर पुसायचे, नव्याने दुसरा प्राणी घ्यायचा, पुन्हा पाठवायचे, पुन्हा पुसायचे. आणि ज्यांना दप्तर आरंभीच समूळ काढून टाकायचे असेल, त्यांच्यासाठी पहिल्या चित्रावरच वरची कळ, ‘सिलेक्ट’ आणि ‘बी’ या तिन्ही कळा एकदम दाबण्याची एक गुप्त वहिवाट ठेवलेली आहे. चुकून कोणाचे बोट पडू नये म्हणूनच ती इतकी अडचणीची केली असावी.

पण प्राण्यांची यादी पुरी करणे हे काही दुसऱ्या खेपेचे मुख्य सुख नव्हे. मुख्य सुख असे की, दप्तर पुसले तरी ते पुसणाराचे ज्ञान शिल्लक राहते, आणि परिचित प्रदेशातून अनभिज्ञाचे सोंग घेऊन पुन्हा जाताना तोच प्रदेश निराळा भासू लागतो. माउंट मूनच्या अलीकडे, आजारी प्राण्यांवर उपचार करणाऱ्या केंद्रात, एक विक्रेता उभा असतो. तो पाचशे नाण्यांना मॅजिकार्प नावाचा एक मासा विकतो आणि मोठा गुपित सौदा करत असल्याचा आव आणतो. नवखा मुलगा आपल्या गाठीच्या तुटपुंज्या पैशांतून तो मासा घेतो आणि पाहतो तो काय, लढाईत तो नुसता जागच्या जागी उड्या मारतो; शत्रूला ओरखडासुद्धा उठत नाही. बहुतेक मुले तेव्हा पुरती हिरमुसतात, माशाला संगणकाच्या पेटीत टाकून देतात आणि जगात ठक असतात एवढा बोध घेऊन पुढे निघतात. दुसऱ्या खेपेचा खेळाडू त्याच विक्रेत्यापुढे त्याच पाचशे नाण्यांनिशी उभा राहतो, पण आता त्याला ठाऊक असते की या निरुपयोगी माशाला नेटाने विसाव्या पायरीपर्यंत चढवले की त्याचा गॅराडॉस नावाचा प्रचंड, रौद्र जलसर्प होतो. विक्रेता तोच, त्याची भाषाही तीच. फसवला कोण जातो, हे मात्र आता उलटे झालेले असते. पहिल्या खेपेस कोठेतरी क्षुल्लक प्राण्यावर उधळलेला मास्टर बॉल, म्हणजे कोणताही प्राणी हमखास पकडणारा चेंडू, जो ती कथा उभ्या खेळात एकच देते, दुसऱ्या खेपेस म्यूटू या महाबलाढ्य प्राण्याच्या गुहेपर्यंत जपून नेला जातो, तोही याच शहाणपणामुळे.

तथापि ज्ञान फार झाले की खेळाला चव राहत नाही, आणि तेव्हा खेळाडू स्वतःवरच निर्बंध लादून घेतो. २०१० साली निक फ्रँको या अमेरिकन तरुणाने ‘पोकेमॉन रूबी’ पुन्हा खेळताना स्वतःपुरते दोन कडक नियम केले – लढाईत मूर्च्छित पडलेला प्राणी मेलाच असे समजून सोडून द्यायचा, आणि प्रत्येक प्रदेशात प्रथम भेटेल तेवढाच प्राणी पकडायचा. या अनुभवाची त्याने चित्रमालिका काढली, आणि ‘नझलॉक’ या नावाने ती पद्धत जगभर रूढ झाली. प्रत्येक प्राण्याचे नामकरण करण्याची रीतही तिच्यात आली, कारण नाव ठेवलेला प्राणी गमावताना अधिक लागते. मुलांसाठी केलेल्या खेळावर प्रौढांनी शोकाची ही तरतूद जोडावी, हे आम्हांला प्रथम विचित्र वाटले होते. परंतु पळवाटा बुजवल्यावाचून एखादी गोष्ट दुसऱ्यांदा गंभीरपणे करता येत नाही, हे त्यांचे म्हणणे खोडून काढणे अवघड आहे.

‘ॲनिमल क्रॉसिंग’ या खेळमालिकेत प्रश्नाचे स्वरूप पालटते, कारण तेथे जिंकण्यासारखे काहीच नसते. गाव वसवायचे, शेजाऱ्यांची विचारपूस करायची, फळे तोडायची, मासे धरायचे. या मालिकेत रेसेट्टी नावाची एक तापट चिचुंद्री होती. खेळाडूने नोंद न करता यंत्र बंद केले, म्हणजे झालेले नुकसान टाळण्यासाठी काळ मागे फिरवण्याचा यत्न केला, की पुढच्या खेपेस ती जमिनीतून वर येऊन त्याची दीर्घ कानउघाडणी करी. लहान मुले तिला घाबरत. पुढे २०१२ सालच्या भागात तिची कचेरी उघडायची की नाही हे खेळाडूवर सोपवले गेले, आणि २०२० च्या मार्चमध्ये आलेल्या ‘न्यू होरायझन्स’मध्ये नोंद आपोआप होऊ लागल्याने तिचे कामच संपले; तिची बदली वाट चुकलेल्यांना घरी पोहोचवणाऱ्या खात्यात झाली.

या शेवटच्या भागात मात्र एक कलम विलक्षण कडक आहे. एका यंत्रावर एकच बेट. घरातील चार माणसे त्या यंत्रावर खेळत असतील, तर चौघांची घरे एकाच बेटावर बांधली जातात, आणि बेटाचा नकाशा, पाच फळांपैकी तेथे पिकणारे फळ, विमानतळाचा रंग, ग्रामकचेरीची जागा हे सारे पहिल्या दिवशी ठरते ते ठरते. नद्या वळवता येतात, टेकड्या सपाट करता येतात, पण ग्रामकचेरी हलत नाही. सहा महिने राबल्यावर एखाद्याला वाटते की कचेरी चार पावले डावीकडे असती तर चौक शोभला असता, आणि तो सारे बेट पाण्यात सोडून नव्याने आरंभ करण्याचे मनात आणतो. पण तसे केल्यास त्याच्या एकट्याचे नव्हे, तर चौघांचेही घरदार बुडते.

आपल्याकडे गेम बॉय फारसा पोहोचला नाही. नव्वदीच्या दशकात पुण्यामुंबईच्या मुलांच्या हाती होते ते पेन्सिल सेलांवर चालणारे ब्रिक गेम, ज्यात जतन करण्याची सोयच नव्हती आणि प्रत्येक डाव नवाच असे. ‘पोकेमॉन’ची ओळख पुष्कळांना आधी दूरचित्रवाणीवर आणि मग संगणकावरच्या किंवा मोबाइलवरच्या इम्युलेटरमधून, म्हणजे जुन्या खेळयंत्राची नक्कल करणाऱ्या प्रणालीतून, झाली. इम्युलेटरमध्ये हव्या त्या क्षणी नोंद करता येते आणि हव्या तितक्या नोंदी ठेवता येतात. लढाई हरली की दहा क्षण मागे जा, प्राणी निसटला की पुन्हा मागे जा. सोय मोठी आहे, पण आमच्या मते तिने खेळाचा कणाच काढून घेतला. जेथे काहीही गमावता येत नाही, तेथे पुन्हा आरंभ करण्यालाही काही किंमत उरत नाही. मॅजिकार्पचे पाचशे परत मिळणार असतील, तर त्या विक्रेत्याशी व्यवहार तो काय राहिला?

म्हणून वडीलधाऱ्यांना एक विनंती. घरात यंत्र एक आणि खेळणारी भावंडे दोन असतील, तर ‘नवा खेळ’ निवडण्यापूर्वी दप्तर कोणाचे आहे हे पाहण्याचा आणि त्याच्या धन्याची संमती घेण्याचा दंडक अगोदरच घालून द्यावा. आणि एखाद्या दिवशी धाकटी तुमच्याकडे रडत आली की दादाने माझे गाव पुसले, तर ‘खेळच तर आहे, दुसरा मांड’ असे म्हणून तिची बोळवण करू नये. दुसरा मांडायचा की नाही, हे तिला ठरवू द्यावे.