पंढरपूरचे दहा दिवस आणि पुढची वाट

1 मे 1947 रोजी साने गुरुजी पंढरपुरात तनपुरे महाराजांच्या मठात उपोषणाला बसले. मागणी एकच: विठ्ठलाचे मंदिर अस्पृश्यांना खुले व्हावे. महार जातीत जन्मलेल्या संत चोखोबांची समाधी महाद्वारासमोर, नामदेवाच्या पायरीजवळ. संत म्हणून त्यांचे अभंग गायचे आणि त्यांच्या जातभाईंना आत मात्र पाऊल टाकू द्यायचे नाही, हे शतकानुशतके बहुतेकांना खटकत नव्हते.

उपोषणापेक्षा मला त्याआधीचा दौरा मोलाचा वाटतो. सेनापती बापटांसारखी माणसे पाठीशी होती, राष्ट्र सेवादलाचे कलापथक बरोबर होते. गुरुजी काही महिने महाराष्ट्रभर फिरले. सभांत ते बडव्यांवर, म्हणजे मंदिराच्या वंशपरंपरागत पुजाऱ्यांवर, तोंडसुख घेत नव्हते, समोर बसलेल्या सवर्णांनाच विचारत होते: तुमच्या गावची विहीर खुली आहे का? त्या काळात अनेक गावांत देवळे आणि पाणवठे खुले झाले. गांधीजींनी उपोषण सोडण्याची तार केली, तरी गुरुजी हटले नाहीत. काँग्रेस नेते मावळंकरांनी मध्यस्थी केली, मंदिर खुले करायचे ठरले आणि 10 मे रोजी उपोषण सुटले.

पण हे सगळे उशिराच झाले. महाडच्या चवदार तळ्याच्या सत्याग्रहाला तोवर वीस वर्षे होऊन गेली होती. नाशिकच्या काळाराम मंदिराच्या दारात 1930 पासून सत्याग्रह्यांनी मार खाल्ला, दार काही उघडले नाही, आणि 1935 मध्ये येवल्यात बाबासाहेब आंबेडकरांनी धर्मांतराची घोषणा केली. म्हणजे पंढरपूरचे दार उघडेपर्यंत त्या दाराची ओढ अनेकांना उरली नव्हती. गुरुजींची तळमळ खरीच होती, पण त्या दहा दिवसांत परीक्षा सवर्णांची होती, दलितांवर उपकार वगैरे काही नव्हते. आपल्याकडे कौतुकाच्या भरात हा हिशेब उलटा मांडला जातो.

शिवाय देऊळ त्यातल्या त्यात सोपे. दर्शन घेतले की माणूस बाहेर पडतो, पाणी रोजचे असते. 1972 च्या दुष्काळाच्या सुमारास समाजवादी कार्यकर्ते बाबा आढावांनी ‘एक गाव एक पाणवठा’ मोहीम घेऊन गावोगावी फिरायला सुरुवात केली, तेव्हाही वेगळे पाणवठे जागोजाग होतेच. घटनेने अस्पृश्यता रद्द करून वीस वर्षे उलटली होती! कायदा गावात पोचला होता, रहाटापर्यंत नाही.

आणि देवळाच्या आतही सगळे लगेच बदलले नव्हते. पंढरपुरात बडवे-उत्पात या पुजारी घराण्यांचे वंशपरंपरागत हक्क संपायला 2014 उजाडले. त्याच वर्षी मंदिर समितीने सर्व जातींतून पुजारी नेमले, त्यांत स्त्रियाही होत्या.