तेराशे वर्षांची नायिका

कोरियन अद्भुतमालिकांत ज्येष्ठ नायिका आणि तरुण नायक ही जोडी वारंवार भेटते. परंतु तिचे सर्वांत परिणत रूप, माझ्या मते, २०१९ च्या ‘हॉटेल डेल लूना’त आढळते, जिथे मृतात्म्यांच्या अतिथिगृहाची मालकीण जांग मान-वोल शापबद्ध होऊन तेराशे वर्षे अडकून पडली आहे, आणि पित्याने स्वतःचे प्राण वाचवण्यासाठी केलेल्या करारापोटी गू चान-सुंग हा तरुण तिच्याकडे कारभारी म्हणून रुजू होतो. तो आल्यावर तेथील शुष्क वृक्षाला पालवी फुटते, तिचा थांबलेला काळ पुन्हा वाहू लागतो, आणि म्हणूनच प्रेमाबरोबर निरोपाची घटकाही समीप येते. ही कल्पना मला अपूर्व वाटते. याच मालिकेच्या लेखिका होंग भगिनींनी २०१० मध्ये नऊ शेपट्यांच्या, शतकानुशतके जगलेल्या कोल्हिणीची प्रेमकथाही लिहिली होती.

आम्हां कोल्हापूरकरांस येथे प्रभात फिल्म कंपनीने १९३२ साली याच शहरात निर्मिलेला ‘माया मच्छिंद्र’ हा चित्रपट आठवावा. त्यातही सत्ता दुर्गा खोट्यांनी साकारलेल्या स्त्रीराज्याच्या राणीची, आणि मोहात गुंतणारा पुरुष. वयाच्या अंतरासाठी मात्र पुराणातील रेवतीकडेच वळावे लागते: पित्यासह ब्रह्मलोकी क्षणभर थांबून ती परतली तोवर भूतलावर सत्तावीस चतुर्युगे लोटली होती, आणि मग तिचा विवाह बलरामाशी झाला.

नवख्या प्रेक्षकांनी आरंभ ‘डेल लूना’च्या सोळा भागांनीच करावा.