शेवटचं स्टेशन : आगर

उज्जैन म्हटलं की महाकाल, क्षिप्रा आणि सिंहस्थ आठवतो. रेल्वेची आवड असणाऱ्यांना मात्र आणखी एक गोष्ट आठवते. एके काळी या गावात तीन मापांचे रूळ येत : नागदा-भोपाळ ही ब्रॉडगेज (1676 मिमी), फतेहाबादची मीटरगेज (1000 मिमी) आणि आगरची नॅरोगेज (610 मिमी, म्हणजे जेमतेम दोन फूट). माझं आजोळ उज्जैनचं. आजी या तिसरीला ‘छोटी लाइन’ म्हणते. मला ती फक्त बोलण्यातच भेटली, कारण माझ्या जन्माच्या कितीतरी आधी तिचे रूळ उखडले गेले.

उज्जैन आणि आगर ही दोन्ही गावं शिंद्यांच्या ग्वाल्हेर संस्थानातली. माधवराव शिंद्यांना रेल्वेचं भारी वेड. जयविलास राजवाड्यात जेवणाच्या टेबलावर धावणारी त्यांची चांदीची आगगाडी प्रसिद्धच आहे. त्यांच्या काळात ग्वाल्हेरहून भिंड, शिवपुरी आणि श्योपूरकडे दोन फुटी ‘लाइट रेल्वे’ गेल्या. त्याच मापाची उज्जैन-आगर लाइन त्यांच्या पश्चात, 1930च्या दशकात आली.

‘लाइट’ म्हणजे नेमकं काय? रूळ हलके, इंजिन हलकं, डबे अरुंद. वजन कमी म्हणून पूल लहान चालतात. वळणं जास्त घेता येतात, त्यामुळे टेकडी फोडण्याऐवजी वळसा घालून जाता येतं. खर्च वाचतो. जिथे मोठी गाडी परवडणार नाही, तिथेही रेल्वे पोचते. पण वेग बेताचा, आणि माप वेगळं असल्यामुळे माल पुढे पाठवायचा तर जंक्शनवर हमालांकरवी एका डब्यातून दुसऱ्या डब्यात चढवायचा. वेळ जातो, मजुरी वाढते.

त्यात आगर हे शेवटचं स्टेशन. मधल्या स्टेशनाला पुढच्या गावांचाही आधार असतो. गाडी दुसऱ्यांसाठी धावते आणि तिथेही थांबते. शेवटच्या स्टेशनाचं तसं नाही. इंजिन सुटतं, पाणी घेतं, दुसऱ्या टोकाला जोडलं जातं आणि गाडी परत फिरते. जे काही उत्पन्न, ते त्या गावाचं आणि आसपासच्या खेड्यांचं. घट्टिया-घोंसल्याच्या रस्त्यावर बस आणि ट्रक धावू लागले, की हिशेबात पहिली काट अशाच लाइनवर बसते. 1975 साली, आणीबाणीच्या काळात, छोटी लाइन बंद झाली. स्वस्तात टाकलेले हलके रूळ उचलायलाही सोपे!

तोट्यातली गाडी बंद झाली, त्यात एवढं काय, असं कुणी म्हणेल. त्यासाठी आपल्या ओळखीची दुसरी लाइन बघू या. एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंजिनिअरची बार्शी लाइट रेल्वे 1897 साली सुरू झाली. तिचं माप अडीच फूट. 1911 साली ती लातूरला पोचली आणि पुढची कित्येक वर्षं लातूर हेच तिचं शेवटचं स्टेशन होतं. दुसऱ्या बाजूला ती पंढरपूरमार्गे मिरजेपर्यंत गेली. तीही छोटी आणि संथ. पण ती उखडली गेली नाही, टप्प्याटप्प्याने ब्रॉडगेज झाली. एप्रिल 2016 मध्ये लातूर तहानेने व्याकूळ झालं, तेव्हा मिरजेहून पाण्याची गाडी याच वाटेने आली. पहिल्या खेपेला दहा वाघिणी, पाच लाख लिटर पाणी. त्या दिवशी या लाइनचा नफा-तोटा कुणी विचारला असेल का?

उज्जैनची फतेहाबाद लाइनसुद्धा 2021 साली ब्रॉडगेज होऊन परत सुरू झाली. आगर मात्र 2013 साली जिल्ह्याचं ठिकाण झालं, तरी गावात रेल्वे स्टेशन नाही. मोठी गाडी पकडायची तर आधी बसने उज्जैन गाठायचं.

मला वाटतं, शेवटच्या स्टेशनाचा हिशेब फक्त तिकीटखिडकीवर करू नये. पलीकडे रूळ नसले तरी माणसं असतात. तुमच्या गावाजवळ अशी एखादी लाइन असेल किंवा होती असं ऐकलं असेल, तर घरातल्या मोठ्यांना विचारा : त्या गाडीतून काय यायचं आणि काय जायचं? उत्तर मिळालं तर आपल्या मंडळासाठी जरूर लिहून काढा.