कादंबरीतला वाडा मोजायचा कसा?

मराठी कथा-कादंबऱ्या वाचणाऱ्याला कुठल्या ना कुठल्या वळणावर वाडा भेटतोच. दिंडी दरवाजा, ढेलज, चौक, सोपा, माजघर, देवघर, माडी, परसदार हे शब्द ओळीने येतात आणि डोळ्यांसमोर एक भव्य वास्तू उभी राहते. मात्र तो वाडा नेमका किती मोठा, चौक किती हातांचा, माजघरातून ओटीपर्यंत किती पावले, असे विचारले की उत्तर सापडत नाही. लेखक फूट आणि इंच सांगत नाही. तो माणसे सांगतो, हाका सांगतो, पंगती सांगतो. या खुणांवरून वास्तूचा नकाशा काढता येतो का? बऱ्याच अंशी येतो. त्यासाठी वाड्याच्या बांधणीची थोडी ओळख आणि संयम मात्र हवा.

खण हेच माप

जुन्या वाड्याची रचना समजून घ्यायची तर सुरुवात ‘खणा’पासून करावी लागते. दोन खांबांमधले अंतर म्हणजे एक खण. तुळयांना मिळणाऱ्या लाकडाची लांबी आणि त्यांना पेलायचे ओझे यांवर हे अंतर ठरे. देशावरील वाड्यांत ते साधारण पाच ते सहा फूट धरता येते. घर सांगताना माणसे ‘पाच खणी सोपा’, ‘तीन खणांची ओटी’ असेच बोलत. त्यामुळे कादंबरीत खणांचा उल्लेख आला की पहिले खात्रीचे माप हाती लागते.

एक सोपे उदाहरण घेऊ. तीन खण लांब आणि तीन खण रुंद असा चौक आहे. त्याच्या चारही बाजूंना एकेक खण रुंदीचा सोपा आणि सोप्यांमागे दोन-दोन खण खोलीच्या खोल्या आहेत. एका दिशेने मोजले तर दोन, एक, तीन, एक, दोन मिळून नऊ खण होतात. खण पाच फुटांचा धरला तर वाड्याची एक बाजू ४५ फूट आणि तळमजला २,०२५ चौरस फूट भरतो. खण सहा फुटांचा असेल तर बाजू ५४ फूट आणि क्षेत्र २,९१६ चौरस फूट होते. एका फुटाच्या फरकाने क्षेत्रफळ ४४ टक्क्यांनी वाढले. कादंबरीतल्या वाड्याचे एकच एक नेमके माप सांगणाऱ्यावर विश्वास ठेवू नये, तो यामुळेच. ‘इतक्यापासून इतक्यापर्यंत’ हेच प्रामाणिक उत्तर.

दोन चौकांचा वाडा म्हणजे याच्या दुप्पट, असेही नाही. दोन्ही चौकांच्या मधली खोल्यांची रांग सामाईक असते. वरच्या उदाहरणातला वाडा दोनचौकी केला तर लांबी अठराऐवजी सोळा खण होते. पाच फुटी खणाने तळमजला ३,६०० चौरस फुटांचा होतो. दोन चौक वाचून मन जे चित्र उभे करते, त्याहून ही वास्तू आटोपशीर असते.

पंगत, हाक आणि पायऱ्या

जिथे खण सांगितलेले नाहीत, तिथे दुसऱ्या खुणा उपयोगी पडतात. त्यांतली सर्वांत विश्वासू खूण पंगतीची. पाटावर बसलेल्या माणसाला साधारण दोन फूट रुंदी लागते. म्हणजे पंचवीस पानांची एक सरळ पंगत पन्नास फूट लांब. ती एकचौकी वाड्याच्या माजघरात मावणार नाही. पण तीन खणी चौकाचा परीघच साठ ते बहात्तर फूट असतो. तेव्हा पंगत चौकाभोवतीच्या सोप्यांवरून वळवली की कोपऱ्यांवर वाट ठेवूनही पंचवीस माणसे आरामात जेवतात. वर्णनात वाढणाऱ्या बायका चौकाला फेरी घालताना दिसल्या, तर नकाशा बरोबर जमल्याची ती पावतीच.

दुसरी खूण आवाजाची. ओटीवरचे बोलणे माजघरात ऐकू येत असेल तर मध्ये बहुधा लाकडी पडदी आहे, दगडी भिंत नाही. स्वयंपाकघरातून मारलेली हाक दिवाणखान्यात पोहोचत नसेल तर मध्ये निदान एक चौक आहे. हरि नारायण आपट्यांची ‘पण लक्षात कोण घेतो’ ही कादंबरी १८९० च्या दशकाच्या आरंभी ‘करमणूक’मधून क्रमशः प्रसिद्ध झाली. तिची निवेदक यमू ही घराच्या आतल्या भागात वावरणारी मुलगी आहे. अशा निवेदकाच्या घराचा नकाशा आतून बाहेर उलगडतो. माजघर आणि स्वयंपाकघर ठळक होतात आणि पुरुषांची बैठक धूसर राहते. निवेदक पुरुष असता तर हेच घर उलटे दिसले असते. म्हणून खोल्या मोजण्यापूर्वी सांगणारे कोण, याची नोंद करावी.

तिसरी खूण जिन्याची. इंग्रजी साहित्यातला प्रसिद्ध दाखला शेरलॉक होम्सच्या बेकर स्ट्रीटवरील घराचा. त्याच्या खोलीकडे जाणाऱ्या जिन्याला १७ पायऱ्या आहेत, असे एका कथेत स्पष्ट म्हटले आहे. पायरी सात इंचांची धरली तर मजल्याची उंची ११९ इंच, म्हणजे दहा फुटांच्या जवळपास येते. लंडनच्या जुन्या घरांना हे माप साजते. एवढ्या एका आकड्याच्या आधारे होम्सच्या चाहत्यांनी त्या घराचे कितीतरी नकाशे काढले. ते सगळे एकमेकांशी जुळत नाहीत, हेही खरे.

कादंबरीकार व्लादिमीर नाबोकोव्ह साहित्य शिकवताना असे नकाशे स्वतः काढत. काफ्काच्या ‘मेटामॉर्फोसिस’मधील साम्सा कुटुंबाच्या घराचा आराखडा त्यांच्या व्याख्यानांच्या १९८० मध्ये निघालेल्या संग्रहात आहे. कीटक झालेल्या ग्रेगोरच्या खोलीला कोणत्या बाजूंनी दारे आहेत, हे कळल्याशिवाय त्याची कोंडी कळत नाही. याच्या उलट डॅफ्ने दु मॉरिए यांच्या ‘रेबेका’तील (१९३८) मँडरले. नवी मालकीणबाई त्या घरात वाट चुकते आणि वाचकही तिच्याबरोबर चुकतो. तिथे नकाशा नीट न लागणे हाच कथेचा भाग आहे.

वाडा चिरेबंदी : आधी माणसे मोजा

महेश एलकुंचवार यांचे ‘वाडा चिरेबंदी’ हे कादंबरी नव्हे, नाटक. १९८५ मध्ये विजया मेहता यांच्या दिग्दर्शनाखाली ते रंगमंचावर आले. मराठीतील वाड्याचा विचार मात्र त्याला वगळून होत नाही. विदर्भातील धरणगावच्या देशपांड्यांचा हा वाडा. इथे माणसे मोजणे हीच उत्तम पद्धत ठरते. दादी, आई, भास्कर, वहिनी, त्यांची मुले पराग आणि रंजू, प्रभा आणि चंदू मिळून वाड्यात राहणारी आठ माणसे. तात्याजींच्या मृत्यूनंतर मुंबईहून सुधीर आणि अंजली येतात आणि संख्या दहा होते. देवघर, स्वयंपाकघर आणि कोठी सोडून पाच-सहा खोल्या तरी हव्यातच. हा झाला किमान आकडा. कमाल आकडा वाड्याच्या जुन्या लौकिकावरून काढायचा. या दोहोंमधली तफावत म्हणजे वापरात नसलेल्या, पडझड होत चाललेल्या खोल्या. म्हणजे नाटकाचा विषयच या तफावतीत आहे.

नाटकाला आणखी एक अडचण असते. कादंबरीकार वाड्याचा एक कोपरा अंधारात ठेवू शकतो, पण नेपथ्यकाराला दार कुठे लावायचे ते ठरवावेच लागते. १९९४ मध्ये चंद्रकांत कुलकर्णी यांनी ‘वाडा चिरेबंदी’, ‘मग्न तळ्याकाठी’ आणि ‘युगान्त’ ही नाट्यत्रयी सलग सादर केली. अशा वेळी वाडा एका नाटकातून दुसऱ्यात जाताना बदलतो आणि तरी तोच राहावा लागतो. पिढ्यांची कथा सांगणाऱ्या कादंबऱ्यांतही हाच पेच येतो. श्री. ना. पेंडसे यांच्या ‘तुंबाडचे खोत’मध्ये (१९८७) जगबुडी नदीकाठच्या खोत घराण्याच्या अनेक पिढ्या येतात. अशा घराचे माप विचारताना ‘कोणत्या पिढीतले?’ हा प्रश्न आधी विचारावा.

‘चिरेबंदी’ या शब्दाचीही एक गंमत आहे. गोव्या-कोकणातल्या वाचकाला चिरा म्हटला की जांभा दगड आठवतो, तांबडा आणि सच्छिद्र. विदर्भातला चिरा बहुधा घडीव काळा पाषाण. एकच शब्द वाचून सावंतवाडीचा आणि अमरावतीचा वाचक दोन वेगळ्या रंगांचे वाडे उभे करतात.

जोती उरली, मजले गेले

ऐतिहासिक कादंबरीत प्रश्न उलटा होतो. वास्तू खरी असते, पण ती उरलेली नसते. रणजित देसाई यांच्या ‘स्वामी’त (१९६२) वावरणारा शनिवारवाडा १७३० मध्ये बांधायला घेतला गेला आणि २२ जानेवारी १७३२ रोजी त्याची वास्तुशांत झाली. १८२८ च्या आगीत आतल्या इमारती भस्मसात झाल्या. आज तट, दरवाजे आणि जोती आहेत. जोत्यांवरून लांबी-रुंदी कळते. उंची, मजले, जिने आणि खिडक्या मात्र कागदपत्रांवरून आणि कल्पनेने भराव्या लागतात. ३० ऑगस्ट १७७३ रोजी गारद्यांपासून जीव वाचवत नारायणराव पेशवे काकांकडे धावले, तो प्रसंग सांगताना लेखकाला दालने, वळणे, दारे यांची योजना करावीच लागते. त्या धावेची लांबी आणि वळणे जोत्यांवर तपासता येतात. तिथे वाटेत आलेली दारे तपासायला भिंतीच उरलेल्या नाहीत. वाचकाने कादंबरीतला वाडा आणि इतिहासातला वाडा यांच्यात इथे रेघ ओढावी.

राजांगणाच्या प्रदेशात

गोव्यातील वाचकाला ही सारी परिभाषा थोडी बदलून घ्यावी लागते. इथल्या हिंदू घरांत चौकाच्या जागी राजांगण आणि त्यात तुळशीवृंदावन, भोवती वसरी. ख्रिस्ती घरांत रस्त्याकडे तोंड करून बसलेला बलकाव आणि आत पाहुण्यांसाठी साल. चौकाचा वाडा आतल्या बाजूला पाहतो, बलकावाचे घर बाहेर पाहते. म्हणून बलकावाच्या घराची कथा वाचताना दर्शनी लांबीवरून सुरुवात करणे सोयीचे. मडगावचे दा सिल्वा कुटुंबाचे घर सात शिखरी छपरांचे म्हणून ओळखले जाते. आज त्यांतली तीनच छपरे शिल्लक आहेत. घराच्या नावावर विसंबून माप काढले तर ते दुपटीहून अधिक चुकेल.

घराचे माप ही इथे केवळ साहित्याची हौस नाही. गोव्यात वारसाहक्कात मुलगे आणि मुली यांचा वाटा समान आहे. एकेका जुन्या घराला अनेक वारस असतात, ते जगभर विखुरलेले असतात आणि घर कुलूपबंद राहते. धरणगावच्या देशपांड्यांपुढेही वाटणीचाच प्रश्न आहे. खोल्या समान करता येतात. राजांगण, देवघर आणि विहीर यांची वाटणी करताना मात्र हात थांबतो. कादंबरीतला वाडा किती मोठा, या प्रश्नाच्या पोटात ‘तो किती जणांना पुरेल’ हा प्रश्न दडलेला असतो.

शब्दांपुढचे चित्र

सुरतच्या नवागाम-दिंडोली भागात खान्देशातून कापड उद्योगासाठी गेलेली हजारो मराठी कुटुंबे राहतात. दोन खोल्यांच्या घरात वाढलेली तिथली मुलगी भालचंद्र नेमाडे यांची ‘हिंदू’ (२०१०) हाती घेईल, तेव्हा खंडेरावाच्या मोरगावातले घर ती कोणत्या मापाने उभे करील? आजी-आजोबांनी धाब्याचे घर पाहिलेले असेल, तिने नाही. पणजीच्या सदनिकेत वाढलेल्या मुलाची अवस्था वेगळी नाही. माजघर, बळद, ढेलज, वसरी हे शब्द त्यांना अर्थाने कळतील. त्यांची लांबी-रुंदी मात्र कुणी सांगितल्याशिवाय कळणार नाही.

म्हणून कादंबरी वाचताना एक कोरा कागद जवळ ठेवणे फायद्याचे. पहिल्या वाचनात फक्त खुणा टिपाव्यात : कोण कुठून कुठे गेले, काय ऐकू आले, किती जण जेवले, उजेड कुठून आला. दुसऱ्या वाचनात खणांच्या चौकटी आखाव्यात. जिथे दोन खुणा एकमेकींशी भांडतील तिथे प्रश्नचिन्ह ठेवावे, ते पुसण्याची घाई करू नये. घरात एखादी वडीलधारी व्यक्ती असेल तर तो कागद तिच्यापुढे ठेवावा. कादंबरीतल्या वाड्याची चूक दाखवता दाखवता ती स्वतःच्या घराचा नकाशा सांगू लागेल, आणि तो नकाशा बहुधा कुठल्याच पुस्तकात नसेल.