छाटणीला रिटेक नसतो

शेतीवरचा कार्यक्रम करणाऱ्या निर्माता-दिग्दर्शकाचं वेळापत्रक पीक ठरवतं. इंदापूर तालुक्यातल्या बोरीची द्राक्षबाग दाखवायची, तर फळछाटणी, विरळणी आणि तोडणी या तिन्ही वेळांना तिथं हजर राहावं लागतं. काडीवर कात्री चालली की चालली. शॉट हुकला तर पुढच्या हंगामापर्यंत थांबायचं.

या कामाला मोठी परंपरा आहे. बीबीसीनं 1951 साली 'द आर्चर्स' ही खेड्यातल्या कुटुंबाची श्राव्यमालिका देशभर सुरू केली, ती युद्धानंतरच्या ब्रिटनमधल्या शेतकऱ्यांपर्यंत नवी माहिती पोचावी म्हणून. दिल्ली दूरदर्शनवर 1967 मध्ये 'कृषिदर्शन' आलं. 1972 मध्ये मुंबई केंद्र सुरू झालं आणि 'आमची माती, आमची माणसं' मराठी घरांत पोचलं. आम्ही याच वाटेवरचे.

बागेत गेल्या गेल्या मी कॅमेरा बाहेर काढू देत नाही. आधी बागायतदाराबरोबर ओळींतून फिरायचं. फळछाटणीपूर्वी पानगळ केलेली असते, त्यामुळे ऊन थेट काड्यांवर येतं; नऊच्या आत काम उरकलं तर काडीवरचा डोळा, म्हणजे कोंब फुटायची जागा, नीट दिसतो. छाटणाऱ्याचा हात कमालीचा वेगवान. डाव्या हाताच्या बोटांनी तो काडीची जाडी चाचपतो, अंगठा एकेका डोळ्यावरून सरकतो आणि राखायच्या डोळ्याच्या जरा वर कात्री बसते. त्याला "सावकाश करा" म्हटलं की लय मोडते, हात अवघडतो. म्हणून सुरुवातीच्या वेली त्याच्या वेगानं होऊ द्यायच्या. कॅमेऱ्याची सवय झाली की मग एकच वेल संथपणे, अगदी जवळून. घरी बसून पाहणाऱ्या शेतकऱ्याला काप नेमका कुठं घेतला ते दिसलं पाहिजे. ते दिसलं नाही, तर बाकीची सुंदर दृश्यं त्याच्या काय कामाची?

मुलाखत थ्री फेज यायच्या आधी. एकदा लाइट आली की आसपासच्या मोटारी सुरू होतात आणि माइकमध्ये तेवढाच आवाज भरतो. शेतकऱ्याला मोजकेच तास वीज मिळते. आमच्यासाठी त्यानं मोटार बंद ठेवावी, असं मी कधीच म्हणत नाही.

माइक लागला की चांगला बोलका माणूसही पुस्तकी होतो.

"सदर प्लॉटमध्ये आम्ही योग्य व्यवस्थापन केलेलं आहे."

"तात्या, बांधावर शेजाऱ्याला सांगता तसं सांगा की."

"आता बघा, छाटणी झाली की पेस्ट लावायची. पण सगळ्या काड्यांना सारखी लागली का ते मागनं फिरून बघायचं. डोळा मुका राहिला तर तिथं घड कुठला येतोय?"

हे कार्यक्रमात जातं. त्यानंतर माझे प्रश्न सुरू होतात: छाटणीनंतर कितव्या दिवशी? किती पाण्यात किती औषध? "अंदाजानं" हे उत्तर चालत नाही. प्रत्येक मात्रा बारामतीजवळच्या शारदानगरच्या कृषी विज्ञान केंद्रासारख्या ठिकाणच्या तज्ज्ञाकडून तपासून घ्यावी लागते. फवारणीनंतर किती दिवस तोडणी करायची नाही, हेही विचारावं लागतं. पडद्यावर दशांशचिन्ह एक घर सरकलं, तर त्याची किंमत बघणाऱ्याच्या बागेनं मोजायची असते.

एडिटिंगच्या टेबलावर खरी परीक्षा होते. भरलेले घड, हसरा चेहरा आणि एकरी उत्पन्नाचा आकडा एवढं ठेवलं की कार्यक्रम देखणा होतो, आणि मोबाइलवर असे व्हिडिओ रोज फिरतात. मी मुक्या डोळ्यांची काडी कापू देत नाही. पावसात घडकूज झालेली ओळही ठेवते. मजुरी, औषधं, तारा-अँगलचा खर्च उत्पन्नाच्या आकड्याला लागूनच यावा, असा माझा आग्रह असतो. आपलं पाहून कुणीतरी कर्ज काढून बाग लावणार आहे. त्याला मिळकतीइतकाच धोकाही स्पष्ट दिसला पाहिजे. कार्यक्रमाची मिनिटं कमी पडली, तर मी सूर्यास्ताचा शॉट काढते, खर्चाचा तक्ता नाही.