मनी प्लांटला पाणी घालण्याआधी

आज आपण घरात ठेवायच्या एका वेलाबद्दल बोलू, मनी प्लांटबद्दल. तुम्ही म्हणाल, अंगणात तुळस, जास्वंद, शेवगा असताना घरात कुंडी कशाला? आम्हीही तेच म्हणत होतो. पण तालुक्याच्या गावातले फ्लॅटवाले ही कुंडी पैसे मोजून नेतात. म्हणून मागच्या पावसाळ्यात आमच्या गटाने अंतर्गत कर्ज काढून ४० कुंड्या भरल्या. दिवाळीपर्यंत त्यातल्या २६ कुजल्या. हप्ता मात्र चुकला नाही, तो प्रत्येकीने पदरचे घालून भरला.

कीड नव्हती, कुणाची नजरही लागली नव्हती. आम्ही पाणी घालायच्या पाळ्या लावल्या होत्या. जिची पाळी ती घालायचीच, आणि जाता-येता दुसरीही तांब्याभर ओतायची. पान पिवळं पडलं की वाटायचं, तहानलं असेल. मग आणखी पाणी. शेवटी एक कुंडी उपडी केली, तर मुळं काळी, मऊ झालेली आणि माती आंबलेली.

हा वेल मूळचा पॅसिफिक महासागरातल्या ताहितीजवळच्या मोरेआ बेटावरचा. जंगलात तो मोठ्या झाडांच्या खोडांवर चढतो. वर सावली, हवा दमट आणि खाली पालापाचोळ्याची भुसभुशीत जमीन. पाऊस भरपूर, पण पाणी मुळाशी तुंबत नाही. मुळांना पाण्याइतकीच हवाही लागते. आम्ही कुंड्यांत भरली होती शेतातली काळी माती. कापसाला, ज्वारीला ती सोन्यासारखी, पण कुंडीत ती पाणी धरून बसते, मुळांना हवा मिळत नाही आणि ती सडतात.

आता आम्ही दोन वाटे लाल माती किंवा पोयटा, एक वाटा नारळाच्या काथ्याचा भुसा आणि एक वाटा चांगलं कुजलेलं शेणखत घेतो. थोडी जाड वाळूही मिसळतो. ताजं शेण घालू नका, त्याच्या उष्णतेने मुळं जळतात. डबा प्लास्टिकचा असेल तर तापल्या सळईने तळाला तीन-चार भोकं पाडायची आणि त्यांवर खापराचे तुकडे ठेवायचे. खाली शोभेची बशी असेल तर तिच्यात साठलेलं पाणी ओतून टाकायचं.

पाणी कधी घालायचं, हे बोटाला विचारायचं. बोट दोन पेरं मातीत घाला. ओल लागली तर तांब्या खाली ठेवा. कोरडं लागलं तर तळातून पाणी निथळेपर्यंत घाला. त्यामुळे उन्हाळ्यात पाणी लवकर लागतं, पावसाळ्यात आणि थंडीत कितीतरी उशिरा. माती ओली असताना पानं पिवळी पडली तर पाणी जास्त झालंय. माती कोरडी आणि पानं मलूल, तर तहान लागलीय. आम्ही हा फरकच पाहिला नव्हता.

कुंडी खिडकीजवळ उजेडात ठेवा, पण दुपारचं ऊन थेट लागू देऊ नका, पानं करपतात. अगदी अंधाऱ्या कोपऱ्यात वेल जगतो, पण पानांवरची पिवळी-पांढरी नक्षी फिकी होते आणि गिऱ्हाईक नक्षीच बघतं.

नवीन रोप करायला नुसतं पान लावून भागत नाही. वेलाला जिथे पान फुटतं तिथे पेर असतं, त्याच्यापाशी मुळाचा छोटा कोंब दिसतो. त्या पेरासकट तुकडा कापा आणि पेर पाण्यात बुडेल असा बाटलीत ठेवा. दोन-तीन आठवड्यांत मुळं धरतात. चोरून आणलेलाच मनी प्लांट लागतो म्हणतात, पण आमचे मागून आणलेलेही लागले. बाटलीतलं पाणी मात्र दर आठवड्याला न चुकता बदला आणि बाटली आतून घासा. डेंग्यूचे डास अशाच साठलेल्या पाण्यात वाढतात.

आणखी एक गोष्ट, आणि ही गिऱ्हाइकालाही सांगायची. मनी प्लांट अळूच्याच कुळातला आहे. अळूने घसा खवखवतो, म्हणून आपण भाजीत चिंच घालतो ना? तसेच सुईसारखे बारीक स्फटिक याच्या पानांत आणि देठांत असतात. रांगत्या मुलाने पान चावलं तर तोंडाची आग होते, ओठ सुजतात. तोंडातला चोथा काढा, चूळ भरवा, गार पाणी किंवा दूध घोट-घोट पाजा. ओकारी काढायला लावू नका. सूज वाढली किंवा श्वासाला त्रास झाला तर तडक दवाखाना गाठा. शेळ्या, मांजरांपासूनही वेल उंचावर ठेवा आणि छाटणी केल्यावर हात धुवा.

उरलेल्या १४ कुंड्यांच्या वेलांचे तुकडे आम्ही पुन्हा लावलेत. या वेळी पाळ्या नाहीत. प्रत्येक कुंडीवर एकीचं नाव आहे आणि दुसरीने तिला पाणी घालायचं नाही असं ठरलंय. ज्यांना तुकडे हवेत त्यांनी पुढच्या बैठकीला डबा घेऊन यावं. भोकं घरूनच पाडून आणा.